कप कोणत्या हातात

माझं काम एवढंच होतं :
मागच्या शॉटमध्ये कप कोणत्या हातात होता
ते लिहून ठेवायचं.
पदर कुठल्या खांद्यावर, घड्याळात किती वाजलेले,
बशीतलं बिस्किट किती उरलं.
युनिट मला वहीवाल्या बाई म्हणायचं.

अच्युत टिपणीस तेव्हा एकावन्न वर्षांचे.
दांडिया बाजारात दुसऱ्या मजल्यावर बसून
बावीस पटकथा लिहिलेल्या,
रावपुऱ्याच्या पोस्टातून रजिस्टर्ड पाकिटानं मुंबईला धाडलेल्या.
तिकडे कुणीतरी शेवट बदलायचं,
नायिकेला बहीण द्यायचं, बहिणीला नाच,
आणि पडद्यावर नाव यायचं टिपणीसचं टिपणिस होऊन,
लोक अंधारात आपली खुर्ची शोधत असताना.
ते म्हणत, नावाचं सोडा हो,
साठ सीनमधले चाळीस ऱ्हस्व केलेत.

मग गोत्रीचा प्लॉट विकला.
वहिनी आठ दिवस बोलल्या नाहीत,
नवव्या दिवशी युनिटच्या डब्यांचा हिशेब मांडायला बसल्या.

लिहिताना ‘दोनशे माणसं जमतात’ लिहिलं की जमतात.
इथे दोनशे माणसं सेव-उसळ मागत होती,
त्यातली चाळीस दुपारीच घरी गेली,
आणि सकाळच्या उन्हातलं भांडण
उरलेल्यांनी संध्याकाळच्या उन्हात पुरं केलं.
मी वहीत लिहिलं : सावल्या उलट्या.

पण ते नंतरचं.
पहिला दिवस विश्वामित्रीच्या काठी.
कागदावर होतं : ती नदीकडे पाहते. मग बारा ओळी बोलते.
त्या बारा ओळी त्यांनी आठ महिने घासल्या होत्या;
मला पाठ होत्या, चहावाल्या भीखाभाईलाही असाव्यात.
हर्षदनं विचारलं, दादा, कॅमेरा कुठे ठेवू?

टिपणीस गप्प.
स्वल्पविराम कुठे पडतो हे ज्याला झोपेत कळायचं
तो माणूस वाळलेल्या गवतात उभा,
जिथे पाहावं ती जागा बरोबर,
जिथे पाहावं ती चुकीची.
अर्धा तास गेला. जनरेटर डिझेल पीत राहिला.

तेवढ्यात जंगल खात्याचे सोलंकी म्हणाले,
साहेब, बाईंना जरा मागे घ्या.
तो ओंडका नाही.

नीलाक्षीनं पाण्याकडे पाहिलं.
मगरीनं डोळा मिटला, उघडला.
नीलाक्षी ओरडली नाही, हलली नाही,
फक्त हातातला कप
उजव्यातून डाव्यात गेला,
आपण मूल दुसऱ्या कडेवर घेतो तसा.

हर्षदनं कुणाला न विचारता कॅमेरा चालू केला होता.

आणि बारा ओळी? मी विचारलं.
टिपणीसांनी माझीच लाल पेन्सिल मागून घेतली,
एकेक ओळ खोडली, सावकाश,
स्वतः लावलेलं झाड तोडावं तशी.
बाराव्या ओळीशी थांबले.
तीही खोडली.
मी म्हटलं, कप जुळत नाही, आधी उजवा होता.
त्यांनी माझी वही मिटली.

पिक्चर एक आठवडा चालला, तोही मॅटिनीला.
एका पेपरात आलं : पटकथा कमकुवत.
ते कात्रण चौकटीत घालून
त्यांनी न्हाणीघराच्या दारावर लावलं.
पुढे आणखी तीन केले.
एकात त्या बारा ओळी परत आणल्या, दुसऱ्याच बाईच्या तोंडी.
एडिटिंगच्या खोलीत पुन्हा पडल्या.

परवा भेटायला गेले होते.
एक्क्याऐंशी पूर्ण. झटक्यानंतर उजवा हात
मांडीवर कुणी विसरून गेल्यासारखा.
वहिनींनी चहा दिला. कप डाव्या हातात.
माझी नजर गेली, ती त्यांनी पकडली.
आता शब्द जड येतात, मी वाट पाहिली.
‘लिहा,’ म्हणाले, ‘जुळत... नाही.’

खाली गॅसची हातगाडी खडखडत निघाली होती.
मान वळवून त्यांनी ती ऐकली,
कोपऱ्यापर्यंत, कोपऱ्यापलीकडे,
मी काही बोलणार तेवढ्यात
कपासकट दोन बोटं उचलून मला खूण केली :
कट नाही.
चालू राहू दे.