कब्जेपावती

गंगावेशीत, दूध कट्ट्याच्या मागल्या बोळात,
सकाळी अकरा वाजून दहा मिनिटांनी
मी, बेलीफ, दिवाणी न्यायालय,
सोबत दोन पंच, एक हवालदार
आणि कुलूप फोडायला आणलेला उद्यमनगरचा पोरगा,
दाव्याच्या मिळकतीसमोर हजर झालो.

कुलूप नव्हतंच.
दार सताड उघडं, आत भट्टी चालू,
कढईत वाळू, वाळूत तांदूळ,
आणि तडतडून वर येणारे चिरमुरे.
पोरगा म्हणाला, साहेब, माझी मजुरी मिळणार ना?

वॉरंट वाचून दाखवलं.
वादी दिनकर इंगवले, मयत, तर्फे वारस सुमन.
प्रतिवादी गणपा भडभुंजे, मयत, तर्फे वारस संभा.
ज्यांचं भांडण, ते दोघेही
पंचगंगेच्या एकाच स्मशानात
चार वर्षांच्या अंतरानं जळाले.
दावा तेवढा धडधाकट.

संभानं खताची पिशवी आणली.
पिशवीत मनीऑर्डरच्या पावत्या, बेचाळीस रुपये, दरमहा.
प्रत्येकीवर पोस्टमनचं तेच अक्षर:
घेण्यास नकार. घेण्यास नकार.
"आमी कवा बुडीवलं न्हाई, साहेब.
त्येंनी घेतलं न्हाई."
मी म्हटलं, हे खालच्या कोर्टात झालं, वरच्या कोर्टात झालं.
तो म्हणाला, ठावं हाय.
आणि पावत्या पुन्हा नीट, महिन्यावारी, पिशवीत घातल्या.

सुमनबाई पायरीवर उभ्या, चप्पल न काढता.
स्वतःच्याच जागेत यायला
त्यांना एकतीस वर्षं लागली होती.
"वरच्या खोलीत ऱ्हातो आमी. हा धूर सगळा वर.
आईचा दमा, माझ्या लग्नाचे शालू, दादांचा फोटो,
सगळ्याला ह्यो वास.
शाळेत पोरी म्हणायच्या, आली भडंग.
मी कुणाला सांगणार, साहेब? भाडं बेचाळीस रुपये."

दोघंही खरं बोलत होते.
पंचनाम्यात त्यासाठी रकाना नाही.

एक कढई, लोखंडी, बूड झिजलेलं: ताबेदाराने नेली.
दोन चाळण्या, एक उलथणं, मिठाची बरणी: नेली.
चिरमुऱ्याची पोती नऊ: नेली. दहावं
हवालदारानं बूट टेकवून ठेवलं होतं, तेही नेलं.
वाळू...
इथं पेन थांबलं.
वाळू जंगम की स्थावर?
एक पंच म्हणाला, नदीची हाय, सरकारी.
दुसरा म्हणाला, ल्ह्या की, दोन पाट्या, गरम.
गरम लिहिता येत नाही. मी लिहिलं, अंदाजे दोन पाट्या.
संभा म्हणाला, ऱ्हाऊ दे, न्हेऊन काय करू,
तापवायला जागा कुठंय.

मग मी सांगितलं, विस्तव विझवा.

त्यानं बादली उचलली नाही.
हवालदारानं उचलली. ओतली.
फस्सकन् वाफ आणि राख आणि काळा धूर
एकदम उठला, जिन्यानं वर गेला,
तिथली वाट त्याच्या सवयीची.
आणि सुमनबाई, खाली आमच्याशेजारी उभ्या,
मान वर करून मोठ्यांदा म्हणाल्या,
"आई, खिडकी लाव गं."

वर कुणी नव्हतं.
आई जाऊन अकरावं वरीस.

कुणी कुणाकडं बघितलं नाही.
संभानं खांद्यावरचं पोतं या खांद्यावरून त्या खांद्यावर घेतलं
आणि बोळाच्या तोंडाशी लावलेल्या टेम्पोकडं चालू लागला.
बाईंनी पावतीवर सही केली,
मिळकतीचा खुला व शांततेचा कब्जा मिळाला.
आडनावाच्या वेलांटीवर हात जरा अडखळला.
मग विचारलं, ही वाळू मी बाहेर टाकू शकतो का?
टाका की, म्हटलं, आता तुमचीच.
त्या वाकल्या, हात लावला,
आणि चटका बसल्यासारखा मागं घेतला.

कसबा बावड्याला परत आलो तेव्हा दीड वाजला होता.
नाझरनं विचारलं, काही अडथळा?
म्हटलं, नाही.
अहवालाचं पान उलटलं, तर मधल्या शिवणीत
चार कण करकरले.
फुंकर मारली. दोन गेले.