विंचू कितव्या मिनिटाला

नाव त्याचं विन्त्सुक ग्रिनेविच.
साखर पेठेत ते कुणाच्या जिभेवर बसेना.
पोरांनी विंचू केलं,
आणि दर शनिवारी युनियनच्या हॉलबाहेर एकच चौकशी :
"आज विंचू कितव्या मिनिटाला मरतो बे?"

मरायचाच.
पुलाखाली, बर्चच्या रानात, एकदा तर
पडद्यावरची नावं संपायच्या आत.
मिन्स्कच्या स्टुडिओत त्याला कामच तेवढं :
तिसऱ्या रांगेतला शिपाई. गोळी खायची,
टोपी गडगडत जायची, हिरो पुढं पळायचा.

मी पडद्याशेजारी स्टुलावर, हातात पत्र्याचा कर्णा.
रात्रीच्या वर्गात शिकलेलं माझं रशियन
युनियनच्या हुकमानं मराठीत ओतायचं,
सगळ्यांना कळेल असं.
महिना पंधरा रुपये, चहा वेगळा.

बायका सुपं घेऊनच यायच्या.
अंधारात, न बघता विड्या वळायच्या.
विंचू पडला की तेवढ्यापुरती
कात्र्यांची कुरकुर थांबायची.
भूदेवी वंगारी मला म्हणायची,
"ह्याला आई नाय का रं?
एकदा तरी घरी पाठव की.
तुझ्याच तोंडात हाय सगळं."

पाठवला असता.
पण टोपी गडगडताना सगळ्यांनाच दिसायची.

मग एक चित्र आलं. डब्याला गंज,
शेवटचं रीळ दोनदा तुटलं.
त्यात विंचू मरताना बोलला. एकच वाक्य.
मी कर्णा उचलला
आणि ओळखीचे वाटता वाटता शब्द निसटले.
रशियन नव्हतं ते.
रशियनच्या शेजारघरातलं काहीतरी, चुलीजवळचं.
मधेच एक शब्द, बुल्बा,
कुठल्याच वहीत उतरवलेला नव्हता मी.

मीही तसलाच.
खात्यात मराठी, शेटजीशी हिंदी, मंगळवारच्या बाजारात कन्नड,
आणि धोट्यानं बोट फुटलं की मात्र
तोंडातून तेलुगूच यायचं.

हॉल वाट बघत होता. त्याचे ओठ मिटलेही.
मी जे बोललो ते ठरवून नव्हे :
"मग्गम् आपकु."
माग थांबवू नको.
अण्णा गेले तेव्हा एवढंच म्हणाले होते.

त्या दिवशी भूदेवीनं सूप
मांडीवरून खाली ठेवलं.
युनियननं माझे पाच रुपये कापले.

माग थांबले ते नंतर, आणि कुणाला विचारून नाही.
भोंगा गेला, चिमणी पाडली.
हॉलमध्ये आता टॉवेलांचे गठ्ठे.

नात व्हितेब्स्कला डॉक्टरकी शिकते.
परवा तिचा फोन : "आजोबा,
तुमचा विंचू आत्ताआत्तापर्यंत होता की हो!
घरमालकीण त्याला नावानिशी ओळखते."
एकोणचाळीस चित्रपट.
युद्धं उरकल्यावर पोस्टमन, न्हावी,
लग्नातला फोटोग्राफर,
दुधाच्या जाहिरातीत आजोबा,
शेवटी नवीन वर्षाला दुकानाबाहेर
कापसाची दाढी लावून मुलांना गोळ्या वाटायचा.
आणि सगळीकडे आवाज दुसऱ्याचा.
याची बोली खेडवळ, म्हणून स्टुडिओ डबिंग करायचा.
त्या एका रिळात ते राहून गेलं.
कंटाळा असेल, किंवा कुणाची मेहेरबानी.

"आणि आजोबा, बुल्बा म्हणजे बटाटे.
आई, बटाटे काढून घे, कुजतील,
असं म्हणाला असेल, म्हातारी म्हणते."

पन्नास वर्षं मी त्याच्या तोंडात
अण्णांना ठेवून बसलो होतो.

संध्याकाळी भूदेवीकडे गेलो.
आता दोन्ही कानांनी गेली आहे.
जवळ तोंड नेऊन ओरडलो,
विंचू मेला नव्हता गं!
ती बराच वेळ माझ्याकडे बघत राहिली.
"मग घरी गेला?"

कर्णा नव्हता हातात. तरी बोललो,
"गेला. आईसोबत बटाटे काढतोय."

तिनं मान हलवली, पान कातरलं,
आणि अगदी व्यवहारानं विचारलं,
"किती पोती निघाली?"