पाचवं रीळ

केम्निट्स, एकवीस सालचा फेब्रुवारी. खिडकीला काळा कागद,
टेबलावर कात्री, डिंकाची बाटली.
चित्रपट भुताटकीचा. एका डॉक्टरला
भिंतीतून हात बाहेर येताना दिसतात.
हात पुठ्ठ्याचे. दोन तर मीच रंगवले,
रंगारी तापाने पडला तेव्हा.

पाचव्या रिळातला वॉर्ड मात्र पुठ्ठ्याचा नाही.
हार्टविग साहेबांनी इस्पितळातून खरीच माणसं आणली.
आठ जण. माणशी दोन मार्क आणि वाटाण्याचं सूप.
रंगभूषेचे पैसे वाचले, म्हणाले,
आणि थरथर तर फुकट.

तिसऱ्या खाटेवर वेंडेलिन.
त्याला सांगितलं होतं, किंचाळ.
तो तोंड उघडतो. काळं भोक,
खालचे दोन दात नाहीत.

माझी आई बहिरी.
अक्षरांच्या आधी मी ओठ वाचायला शिकले.
म्हणून अडले.
रीळ मागे फिरवलं, पुढे, पुन्हा मागे.
तो किंचाळत नव्हता.
शेजारणीला वाळवण आत घ्यायला सांगावं
इतक्या साधेपणानं म्हणत होता :
वारा फिरला.
वारा फिरला, रुमाल भिजवा.

पाटीवर काय लिहू, विचारलं.
लिही, "ते आले! ते आले!"
उद्गारचिन्हं मोठी काढ.
काढली. पगार शनिवारी असतो.
आणि तो शॉट लांबलाय, काप, म्हणाले.
तो मात्र नाही कापला.
विसरले, असं सांगणार होते.

पहिल्या खेळाला थिएटर भरलं.
पुठ्ठ्याच्या हातांना बायका छान घाबरल्या,
मागे कुणीतरी खिदळलं.
लोटार पियानोवर त्याचं नेहमीचं वादळ बडवत होता.
मग तिसरी खाट.

चौथ्या रांगेत एक गृहस्थ, बरा कोट,
शेजारी बायको, तिच्या हातात लिंबूपाणी.
तोफांच्या गदारोळात तिकडे
ओठच वाचत असणार सगळे,
हे मला तेव्हा सुचलं.
पाटी यायच्या आत त्यानं खिशातून रुमाल काढला,
तिच्या ग्लासात बुडवला,
आणि आधी तिच्या तोंडावर दाबला.

ती धडपडली. ग्लास फुटला.
लोक शूऽऽ करून वळले,
लोटारनं पान उलटलं.

पडद्यावर वेंडेलिन अजून सांगतच होता.
बराच वेळ.