सहाव्या नावाची बाई

पडद्यावर तिचं नाव सहावं यायचं,
कधी आठवं. व्हेरा लिंडक्विस्ट.
नजीर उस्तादांच्या जिभेवर ते बसेना,
ते म्हणायचे, 'अपनी बाई आली बघ.'

सदरच्या टॉकीजात मी रिळं गुंडाळायचो.
घरी, गोळीबार चौकात, बापाचा माग.
तो तुटलेलं सूत सांधायचा, मी तुटलेली फिल्म.
त्याच्या बोटांना खळीचा वास,
माझ्या बोटांना सिमेंटचा, गोडूस.

ती कुणाची मैत्रीण, कुणाची नर्स,
हॉटेलात किल्ली देणारी,
टेलिफोनवर 'जोडून देते' म्हणणारी.
एकदा कोर्टात साक्षीला आली,
सावकाश हातमोजे काढले,
आणि हिरो काय बोलला
ते केबिनच्या भोकातून मला ऐकूच आलं नाही.

रात्रीचा शो लांबला की
कामठीच्या शिपायांची बस चुकायची.
दस्तूरसाहेब जिन्यातून ओरडायचे,
'दहा मिनिटं कमी कर!'
कोणाची करू?
'जिच्यावाचून गोष्ट अडत नाही, तिची.'

कात्री माझ्या हातात असायची.
शो सुटला की फरशीवरचे तुकडे वेचायचो,
बिस्किटांच्या डब्यात ठेवायचो,
परत जोडायचे म्हणून. काही जोडले.
बाकीच्यांची रिळं आधीच निघून गेलेली.

दहा-बारा वर्षांत ती
हिरॉइनच्या मैत्रिणीची मावशी झाली,
मग सासू, मग शेजारीण:
दार किलकिलं करून पाहून राहिली होती,
सात सेकंद. मी मोजले.
पुढच्या पिक्चरच्या पाटीवर
मी शेवटच्या नावापर्यंत शोधलं.
'काहून रे, कोणी नातलग होती का?'
उस्ताद हसले नाहीत.

बाप गेला, त्याच्या तेराव्यालाच
मागावर दुसरा बसला.
लुगडं वेळेवर पोचलं इतवारीत.
गोष्ट अडत नाही, हे खरंच आहे.

आता मे महिन्यात डबा उघडला की
व्हिनेगरसारखा आंबट वास येतो.
फिल्म वाकडी झालीय, एकमेकींना चिकटलीय.
एक तुकडा सुटा निघतो,
तो कूलरच्या खिडकीत उजेडाला धरतो:

हातमोजा अर्धा निघालेला,
ओठ नुकते उघडलेले.
पुढची चौकट
रिळासोबत रायपूरला गेली.