लाल आकडे

शहाण्याने कोर्टाची पायरी चढू नये म्हणतात.
आमच्या कोर्टाला लिफ्ट आहे.
पहिल्यांदा चौथ्या मजल्यावर उतरलो
तेव्हा माझे केस काळे होते,
म्हणजे अगदी काळे नाही,
नेउझा म्हणायची तसे.

एकतीस वर्षं पेलोतासच्या गल्ल्यांतून
मी पाण्याचे मीटर वाचले.
झाकण उचलायचं, कोळी झटकायचा,
वाकून बघायचं, वहीत लिहायचं.
काळे आकडे लिहायचे. लाल सोडून द्यायचे.
लाल म्हणजे लिटर, सुटे, चिल्लर.
सगळ्यात जोरात तेच फिरतात
आणि बिलात कधीच येत नाहीत.

आम्हाला कुत्र्यांचा भत्ता मिळायचा.
कागदावर नाव मोठं होतं त्याचं, जोखीम वगैरे;
आम्ही कुत्र्यांचाच म्हणायचो.
निवृत्त झालो आणि नगरपालिकेनं
तो पेन्शनच्या हिशेबातून काढून टाकला.
आता तुम्हाला कोण चावणार?

म्हणून दावा.
एकशे चाळीस जण आणि एक वकील,
क्लेबर, घामट आणि भला माणूस.
न्यायाधीशबाईंसमोर त्यानं मला
पँट गुडघ्यापर्यंत वर करायला लावली.
पोटरीवर अठ्ठ्याऐंशी सालचे दात.
बाई चष्मा लावून वाकल्या,
लेखनिकाला म्हणाल्या, लिहा: चार.
वाकायची पद्धत बरोबर होती.

आम्ही जिंकलो.
हे सांगितल्यावर मी थोडा थांबतो,
कारण समोरचा हात पुढे करतो
आणि मग मला पुढचं सांगावं लागतं.
जिंकलो, वरच्या कोर्टातही जिंकलो,
त्याच्याही वरच्या कोर्टात.
शेवटी नगरपालिकेनं मान्य केलं की देणं लागतो
आणि रांगेतला नंबर दिला.

चार हजार दोनशे सोळा.

साठीच्या पुढच्यांसाठी वेगळी रांग आहे म्हणाले,
लवकर सरकणारी.
जाऊन बघितलं तर तिथे सगळे आम्हीच.

गंभीर आजार असेल तर त्याहून पुढे.
वाल्मीरला जुलैत घशात गाठ निघाली.
रिपोर्ट घेऊन तो क्लबात आला.
बाहेर मिनुआनो वारा पत्रे उचकटत होता,
येर्बाच्या कडू चहाचा भोपळा हातोहात फिरत होता,
आणि आम्ही, देवाशपथ, टाळ्या वाजवल्या.
नशीब काढलंस लेका, कुणीतरी म्हणालं.
बहुतेक मीच.

पैसे वेळेत आले, हे खरं ते सांगायला हवं.
त्यानं छपराची कौलं बदलली,
सुनेला शिलाई मशीन घेतलं,
आणि मला फोन करून नुसता श्वास घेत राहिला.
आले ना रे? मी विचारलं.
त्यानं फोनवर नखानं दोनदा ठोकलं.

मग एक पोरगा आला, केसांना जेल, बुटांना चकाकी.
तुमचा नंबर आम्ही विकत घेतो, काका.
शंभराचे तीस. आज. रोख.
मी मनात हिशेब केला:
चार दातांतला एक, आणि दुसऱ्याची नुसती टोचणी.
नेउझा म्हणाली, घ्या.
तिचं चुकत होतं असं नाही.
रात्री तिनं माझ्याकडे पाठ केली,
सकाळी कॉफीत साखर दोनदा घातली,
तो विषय तसाच कपात विरघळत राहिला.

काल मीटर वाचायला मुलगी आली.
आमची पितांगा म्हातारी, पण गुरगुरणं तरुण आहे,
मी तिचा पट्टा धरून दारात उभा.
मुलीनं झाकणही उचललं नाही.
हातातलं यंत्र लांबूनच दाखवलं, पिक् वाजलं, झालं.
लाल आकडे घेतं का हे?
घेतं की, ती म्हणाली,
आता पालिका शेवटच्या थेंबापर्यंत मोजते.

मी पट्टा सोडला नाही.
थोडा सैल केला, इतकंच.