मार्क

सहामाहीचे पेपर तपासताना
लाल पेन संपलं, बाचीच्या शाळेत.
म्हणून उगाच शब्दकोश उघडला,
पुठ्ठा निघालेला, कँपातल्या रद्दीवाल्याकडून
चाळीस रुपयांना आणलेला.

मार्क.
जुन्या इंग्रजीत म्हणे याचा अर्थ शीव.
आधी नुसती शीव,
मग शिवेवर रोवलेला धोंडा,
मग धोंड्यावरची रेघ, मग कसलीही खूण,
आणि हजारेक वर्षं घरंगळत
शब्द इथं पोचला,
निंगाप्पा हुंदऱ्याच्या पेपरवर
आत्तापर्यंतचे अकरा होऊन.

बसवाणी शिपाई चहा घेऊन आला.
"काय वाचूलायसा, सर?"
सांगितलं. बशीत फुंकर मारत म्हणाला,
"आमच्या कन्नडात गडी म्हणजे शीव की ओ.
तुमच्यात गडी म्हणजे
बांधावर राबणारा माणूस."
आणि कप विसळायला गेला.

खिडकीतून शिनोळीच्या अंगाला
तो दगड दिसतो.
नंबर कधीचा पुसलाय.
एका बाजूनं गुळगुळीत झालाय,
बायका जाता-येता
विळ्याला धार लावतात त्याच्यावर.

शेवटचा प्रश्न : 'बॉर्डर' शब्द वाक्यात वापरा.
निंगाप्पानं लिहिलंय मोडक्या इंग्रजीत,
आमचं घर बॉर्डरच्या अलीकडं,
आमची विहीर पलीकडं,
घागर दोन्हीकडं.

क्रियापद कुठंच नाही.
दोनपैकी दोन दिले, पेन्सिलीनं.
शाई आणल्यावर बघू.