स्वेच्छेने

पुकारा झाला तेव्हा चौथ्या नंबरला आईचं नाव आलं:
मयत, तर्फे वारस.
वारस म्हणजे मी.
जिनिंगमधून बाया काढल्या तेव्हा मी तिसरीत होते,
आता माझी सही आईपेक्षा बरी येते.

अकरा वर्षं दर्यापूर ते अमरावती, एसटीनं.
वकील आहे तर साहेब रजेवर,
साहेब आले तर मालकाला मुदत.
मागणी एवढीच होती
की नाव ठेकेदाराच्या वहीत नको, हजेरीपटावर पाहिजे.
दुसऱ्या दिवशी फाटकाला आतून कडी.
रेचे चालूच होते,
सरकी वेगळी, रुई वेगळी,
आणि बाया वेगळ्या.

आज पुरशीस तयार होती. तीन पानं, टाइप केलेली.
दर बाईमागे एक लाख दहा हजार,
परत कामावर येण्याचा हक्क सोडला,
यापुढे काही मागणं नाही.
पंचफुलामावशीनं लगेच पेन मागितला,
तिला नातवाच्या पायाचं ऑपरेशन करायचं आहे.
कुणी तिला काही बोललं नाही.
कौतिका हिशोब करत बसली, वर्षाले दहा हजार,
"मंग महिन्याले किती झाले वं?"
मी मोबाइलवर भागलं
आणि सांगितलं नाही.

साहेब म्हणाले, वाचून दाखवा, कुणावर जबरदस्ती नाही.
कारकून भरभर वाचत गेला,
'कामगारांनी स्वेच्छेने काम सोडले असून…'
"थांब रे बाबू," गुंफाबाई म्हणाली,
"तो शब्द काय हाये?"
"स्वेच्छेने. म्हणजे आपल्या मर्जीनं."
"पैशे कमी भेटले, चालते. काम गेलं, गेलं.
पन मर्जी कोनाची होती
ते या कागदावर खोटं नाई लिहाचं."

मालकाचा पोरगा घड्याळ पाहू लागला.
दोन्ही वकील कोपऱ्यात गेले, हसतच परतले:
एका शब्दानं काय बिघडते!
तेच तर. अकरा वर्षं आम्हीही तेच म्हणत होतो,
हजेरीपटावर एका नावानं काय बिघडते.

कारकुनानं पट्टी ठेवून रेघ मारली,
रेघेशेजारी सगळ्यांच्या सह्या,
आठ बाया, एक वारस, एक मालक.
'काम सोडले' मात्र तसंच राहिलं.
तेवढी तडजोड.
खोडलेला शब्द खिडकीकडे धरला की वाचता येतो,
मी धरून पाहिला.

आईला दमा होता, असं डॉक्टर म्हणाले.
रुई, असं गुंफाबाई म्हणते.
ते कलम कुठल्याच पानावर नव्हतं.

बाहेर मॅनेजरनं सगळ्यांना चहा सांगितला,
आता भांडण मिटलं म्हणून.
प्यालो. चांगला होता, आल्याचा.
उठताना गुंफाबाईनं कमरेची पिशवी सोडली,
नऊ कपांचे मोजून टपरीवर ठेवले.
"तुमचे कप तुमी मोजा, भाऊ."

साडेतीनची गाडी निघून गेली होती.